मदत हवी आहे: कुकरमधला रिसोटो खाली लागतोय, वर पाणी

करवीर_किचन: व्हेज रिसोटो (इटालियन दाट, मऊ भात) कुकरला लावला, ३ शिट्ट्या काढल्या. खाली करपला, वर पाणी, भाज्यांचा लगदा. ८ वाजता पाहुणे आहेत, परत करायचाय. काय चुकलं ते लवकर सांगा की.

रंकाळा_वारा: तांदूळ कुठला? पाणी किती? थेट कुकरात की डब्यात?

करवीर_किचन: आर्बोरिओ (रिसोटोचा जाड इटालियन तांदूळ), २ वाट्या. थेट कुकरात, ५ लिटरचा आहे. पाणी नेहमीसारखं.

तवा_तूप: नेहमीसारखं म्हणजे किती ते सांगा. आणि तांदूळ धुतलात का?

करवीर_किचन: ६ वाट्या पाणी. धुऊन अर्धा तास भिजवला. धुवायचाच असतो ना?

तवा_तूप: नाही! रिसोटोचा दाटपणा दाण्यावरच्या पिठातूनच येतो, ते तुम्ही मोरीत ओतलंत. वाटीला ३ वाट्या पाणी उघड्या पातेल्यात लागतं, कारण तिथं वाफ उडून जाते. कुकरात वाटीला सव्वादोन पुरे. कोरडा तांदूळ बटर आणि तेलावर २-३ मिनिटं परता, दाण्याच्या कडा काचेसारख्या दिसल्या पाहिजेत. मग उकळता स्टॉक (भाज्या उकळून गाळलेलं पाणी) घाला आणि तळाला चिकटलेला कांदा उलथन्याने खरवडून सोडवा. तो तसाच राहिला तर तिथूनच करपायला सुरुवात होते.

घनसाळप्रेमी: एवढा महाग तांदूळ कशाला? आपला आजरा घनसाळ घ्या. २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळालंय त्याला.

तवा_तूप: घनसाळ सुंदर तांदूळ आहे, पण त्याचा वास चीजवर चढतो. शिवाय दाणा लवकर मऊ होतो, रिसोटोत तो मधे किंचित कणीदार राहायला हवा. आर्बोरिओ नसेल तर इंद्रायणी जवळचा. दाब ३ मिनिटंच, पाणी वाटीला दोन.

घनसाळप्रेमी: वास हा दोष कसा? चीज कमी घाला.

जुना_कुकर: शिट्ट्या २च करा, काम होतंय.

रंकाळा_वारा: शिट्ट्या मोजूच नका. मोठ्या गॅसवर शिट्टी लवकर येते, बारीकवर उशिरा, मग दोन शिट्ट्या म्हणजे नक्की किती वेळ? पहिली शिट्टी येताच गॅस बारीक, घड्याळ लावून ५ मिनिटं. आणि दाब आपोआप उतरायची वाट बघू नका, तेवढ्यात दाणा आतून शिजत राहतो. कुकर नळाखाली धरून झाकणावर गार पाणी सोडा. शिट्टी उचलून वाफ काढायला जाऊ नका. पिठूळ फेस उसळून अंगावर येतो, छिद्रही तुंबतं. म्हणूनच कुकर निम्म्याच्या वर भरायचा नाही.

जुना_कुकर: करपलेल्या कुकरात खायचा सोडा आणि पाणी घालून १० मिनिटं उकळा, निघतंय.

शुद्ध_शाकाहारी: अवांतर, पण महत्त्वाचं. पाहुणे शाकाहारी असतील तर अस्सल पार्मेझान चीजमध्ये वासराच्या पोटातलं रेनेट (दूध गोठवणारं विरजण) असतं. हिरवा ठिपका बघून घ्या.

करवीर_किचन: चीज साधं प्रोसेस्ड आहे, हिरवा ठिपका आहे. तेच क्रीमबरोबर सुरुवातीला घातलं होतं, भाज्याही तेव्हाच.

तवा_तूप: हे आधी सांगायचं ना! करपण्याचं मुख्य कारण हेच. दूध, क्रीम, चीज दाबाखाली तळाला बसून जळतात. क्रीम तर नकोच. कुकरात कांदा, लसूण, तांदूळ, स्टॉक आणि हवं तर बारीक चिरलेलं गाजर, बस्स. ढोबळी आणि झुकिनी मोठ्या आचेवर ३ मिनिटं वेगळी परतून ठेवा. झाकण उघडल्यावर थोडं पाणी दिसेलच, घाबरू नका. बारीक गॅसवर २ मिनिटं जोरात ढवळा, पीठ सुटून दाट होतं. मग गॅस बंद, २ चमचे गार बटर, चीज, परतलेल्या भाज्या. ताटलीत घातल्यावर पसरला पाहिजे, ढीग राहिला तर गरम स्टॉक घाला. रिसोटोत एरवी वाइन घालतात, ती नसेल तर शेवटी चमचाभर लिंबाचा रस. मीठ चीजनंतर चाखून.

करवीर_किचन: स्टॉक नाही. साधं पाणी चालेल?

रंकाळा_वारा: चालेल, पण पचपचीत लागेल. गाजराची टोकं, कांद्याच्या पाती, कोथिंबिरीच्या काड्या, ४ मिरी २० मिनिटं उकळून गाळा. हळद, गरम मसाला नको.

घनसाळप्रेमी: मसालेभात केला असता तर एवढं काहीच लागलं नसतं.

करवीर_किचन: स्टॉक ठेवलाय. फ्रोजन मटार कधी घालू?

तवा_तूप: झाकण उघडल्यावर, ढवळतानाच. २ मिनिटांत होतो. आणि पाहुणे बसल्यावरच बटर घाला, रिसोटो १० मिनिटांत घट्ट होतो.