आजीच्या ‘डोया’त ‘ळ’ दडलेला आहे का?

धागाकर्ता (माध्यमिक शिक्षक, दारव्हा तालुका)

आमच्याकडे वऱ्हाडी बोलीत डोळ्याला ‘डोया’, आभाळाला ‘आभाय’ आणि पुरणपोळीला ‘पुरणपोई’ म्हणतात. गोऱ्हा काळा असेल तर तो ‘काया’, आणि कालवड काळी असेल तर ती ‘काई’. जनरेटिव्ह फोनॉलॉजी (मनातल्या मूळ रूपांपासून नियमांनी उच्चार कसे घडतात हे सांगणारी भाषाविज्ञानाची शाखा) शिकलेला माणूस याचा उलगडा सहसा असा करतो : बोलणाऱ्याच्या मनात ‘ळ’ असलेले मूळ रूप असते, एक नियम त्या ‘ळ’चा ‘य’ करतो, आणि त्यानंतर लागणारा दुसरा नियम ‘ई’च्या आधीचा ‘य’ गाळतो. मांडणी देखणी आहे, पण ती चुकीची आहे असे माझे ठाम मत आहे.

माझी आजी शाळेची पायरी चढलेली नाही आणि तिच्या तोंडून मी ‘ळ’ कधी ऐकलेला नाही. तिच्या बोलीत ‘काया–काई’ ही जोडी नुसत्या ‘य’वरूनही सुटते, कारण ‘ई’पुढे ‘य’ गळणे तिच्या ‘गाय–गाई’तही आहेच. मग हा ‘ळ’ आला कुठून? तो आपण पाठ्यपुस्तकातून उचलून तिच्या डोक्यात ठेवला, आणि नकळत वऱ्हाडीला प्रमाण मराठीची झिजलेली प्रत ठरवले. चॉम्स्की आणि हाले या भाषाशास्त्रज्ञांनी १९६८च्या ‘द साउंड पॅटर्न ऑफ इंग्लिश’मध्ये हेच केले होते : ‘राइट’ या शब्दाच्या मूळ रूपात त्यांनी ‘ख’सारखा एक घर्षक (हवा घासत बाहेर पडणारा) ध्वनी कल्पिला, जो आजचे बहुतेक इंग्रजी भाषक शतकानुशतके उच्चारतच नाहीत. मूळ रूपे उच्चारापासून किती दूर जाऊ द्यायची, हा प्रश्न भाषाशास्त्रज्ञ पॉल किपार्स्की यांनी त्याच वर्षी उपस्थित केला होता.

प्रतिसाद (शेतकरी, भाषाविज्ञानाचा पदवीधर, मूर्तिजापूर तालुका)

सर, आजीबद्दलचा आपला जिव्हाळा समजतो, पण न उच्चारलेल्या गोष्टीवर इतका अविश्वास ठेवला तर हातचे बरेच काही जाईल. आपल्या पिकाचेच नाव घ्या. कापूस–कापसाले, खाटीक–खाटकाले, वावर–वावराले : प्रत्यय लागल्यावर तिन्ही शब्द एकाच साच्यात बसतात, आणि ‘कापसा-’, ‘खाटका-’, ‘वावरा-’ एवढेच समोर असेल तर कोणत्या शब्दात ‘ऊ’ होता, कोणत्यात ‘ई’ आणि कोणत्यात काहीच नव्हते, हे कळण्याचा मार्ग उरत नाही. म्हणून स्वर मूळ रूपात धरावा लागतो आणि नियमाने गाळावा लागतो. उलट दिशेने गणित सुटत नाही. तोही नियम सरसकट नाही, कारण कंदिलाचा ‘कंदलाले’ कोणी करत नाही; पण अपवाद दाखवायलाही आधी नियम मांडावाच लागतो.

नियमांचा क्रम ही परकी कल्पना आहे असेही कोणी समजू नये. ‘पूर्वत्रासिद्धम्’ या सूत्रापासून पाणिनीने अष्टाध्यायीच्या शेवटच्या तीन पादांतले नियम अशा रीतीने रचले आहेत की पुढच्या नियमाने केलेले काम मागच्या नियमाला दिसतच नाही.

आता हेच तर्कशास्त्र ‘ळ’ला लावा. मी घरी ‘डोया’ म्हणतो आणि तहसील कचेरीत ‘डोळा’. पण कचेरीत गेलो म्हणून ‘पाय’चा ‘पाळ’ करत नाही, आणि गळ्यातली ‘माय’ तिथे ‘माळ’ होते तरी जन्म देणारी माय ‘माय’च राहते. माझ्या मनात सगळीकडे ‘य’च असता, तर कोणता बदलायचा आणि कोणता नाही हे मला कसे कळले असते?

प्रतिसाद (प्राथमिक शिक्षिका, मेहकर तालुका)

भाऊ, याच मुद्द्यावर माझ्या वर्गातला एक प्रसंग सांगते. दुसरीला श्रुतलेखन चालू होते. एका मुलीने ‘आभायात ढग आले’ असे लिहिले. मी तिच्या पाटीवरच्या ‘य’वर बोट ठेवून ‘इथे ळ’ एवढेच म्हटले. तिने तो अंगठ्याने पुसून ‘ळ’ केला, क्षणभर थांबली, आणि मग खालच्या ओळीतल्या ‘पायात काटा रुतला’मधला ‘य’ही पुसून तिथे ‘पाळात’ लिहिले. मी तिला काय सांगावे, ते मला सुचेना. त्या मुलीसाठी दोन्ही ‘य’ एकच होते. ‘ळ’ तिच्या मनात दडलेला असता, तर ‘पाया’वर तिचा हात गेला नसता.

धागाकर्ता

ताईंनी माझे काम सोपे केले. ‘कापूस’बद्दल माझा वाद नाहीच : तिथे आजी स्वतःच ‘कापूस’ही म्हणते आणि ‘कापसाले’ही, म्हणजे मूळ स्वराचा पुरावा तिच्याच तोंडात आहे. ‘ळ’चा पुरावा मात्र आपल्या कचेरीत आहे, भाऊ, तिच्या अंगणात नाही. आपल्याजवळ दोन बोली आहेत, आणि त्यांना जोडणारी शब्दांची यादी आपण शाळेत एकेक करून पाठ केली. दोन बोलींचा हा ताळेबंद एका बोलीच्या व्याकरणात घालू नये, एवढेच माझे म्हणणे आहे.

प्रतिसाद (मूर्तिजापूर)

आजीपुरता आणि त्या मुलीपुरता मी माझा दावा मागे घेतो. एका मुलीच्या चुकीवर सिद्धांत उभा राहत नाही, पण ही चूक नेमकी त्या जागी झाली आहे जिथे माझे म्हणणे खरे असते तर ती व्हायला नको होती. माझ्यापुरता मात्र तो मागे घेणार नाही. मी यादी आठवून बोलत नाही. ‘आभाय’ म्हणताना आणि ‘आभाळ’ म्हणताना मला एकच शब्द हाताशी असल्याचे जाणवते, आणि पूर्वी कधी न ऐकलेला ‘ळ’चा शब्द वर्तमानपत्रात दिसला तर घरी तो माझ्या तोंडून आपोआप ‘य’नेच निघतो. यादीत नसलेल्या शब्दाला जो लागू होतो तो नियमच असतो, सर. ताई, ती मुलगी चौथीत गेली की तिला असाच एखादा अनोळखी शब्द वाचायला देऊन मग घरच्या बोलीत सांगायला लावाल का?

प्रतिसाद (मेहकर)

ती आता तिसरीत आहे. पुढच्या वर्षी नक्की करून पाहते आणि इथेच लिहिते.