‘डोरियन’ म्हणजे काफी की भैरवी? ग्रीक ‘मोड’साठी मराठी शब्द

प्रश्न : प्लेटोच्या ‘रिपब्लिक’च्या तिसऱ्या भागात संगीताविषयी जे विवेचन आहे, त्यावर मी मराठीत एक टिपण लिहीत आहे. त्यात डोरियन, फ्रिजियन, लिडियन अशी नावे येतात. या ‘मोड’साठी, म्हणजे सप्तकातील स्वरांच्या मांडणीच्या प्रकारांसाठी, ‘थाट’ हा शब्द योग्य ठरेल का? डोरियन म्हणजे काफी, फ्रिजियन म्हणजे भैरवी, लिडियन म्हणजे कल्याण असे कोष्टक मराठीत सर्रास दिसते. वाचकाच्या सोयीसाठी तेच कंसात दिले तर चालेल का?

उत्तर : कृपया ते कोष्टक देऊ नका. आजच्या पाश्चात्त्य संगीतातील मोडपुरते ते बरोबर आहे, पण प्लेटोच्या डोरियनला ते लावले की अर्थ नेमका उलटा होतो. पेटी समोर घेऊन हे पाहता येईल. काळ्या पट्ट्यांना हात न लावता पांढरी दोनला (पाश्चात्त्य C म्हणजे पांढरी एक, D म्हणजे पांढरी दोन, याप्रमाणे) षड्ज, म्हणजे ‘सा’, मानून वरच्या पांढरी दोनपर्यंत गेलात, तर काफीचे स्वर मिळतात आणि आजचे वादक यालाच डोरियन म्हणतात. पांढरी तीनपासून तसेच गेलात, तर भैरवीचे स्वर मिळतात आणि ते आजचे फ्रिजियन होय. प्राचीन ग्रीक ग्रंथकारांच्या सप्तकभेदांत मात्र पांढरी तीनपासूनचा क्रम डोरियन आहे, पांढरी दोनपासूनचा फ्रिजियन आणि पांढरी एकपासूनचा, म्हणजे आपल्या बिलावलाचा, लिडियन. मिक्सोलिडियन पांढरी सातपासून सुरू होतो. त्याच्या पाचव्या जागी शुद्ध पंचमच येत नाही, त्यामुळे भातखंडे यांच्या 10 थाटांपैकी एकाशीही तो जुळत नाही.

ही अदलाबदल कशी झाली ते समजून घेतले, तर मराठी शब्दाचा प्रश्नही बराचसा सुटतो. ‘मोड’ हा शब्द मुळात ग्रीक नाही. तो लॅटिन ‘मोडस’वरून आला असून त्याचा अर्थ माप, प्रमाण, रीत असा आहे. ग्रीकांकडे या एका शब्दाच्या जागी निदान तीन शब्द होते. ‘एइदोस’ म्हणजे सप्तकातील अंतरांच्या मांडणीचा प्रकार. ‘तोनोस’ म्हणजे ती संपूर्ण मांडणी कोणत्या उंचीवर घेतली आहे ते. आणि ‘हार्मोनिया’ हा या दोहोंहून जुना, अधिक व्यापक शब्द, जो प्लेटो वापरतो. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात टॉलेमी या ग्रीक शास्त्रज्ञाने सात तोनोस मानले, त्यांत हायपोडोरियन सर्वांत खालचा आणि मिक्सोलिडियन सर्वांत वरचा. त्याच नावांचे सप्तकभेद (म्हणजे एइदोस) मात्र उलट्या दिशेने लागतात : मिक्सोलिडियन पांढरी सातपासून, लिडियन त्यावरच्या पांढरी एकपासून, असे करत हायपोडोरियन वरच्या पांढरी सहापासून. सहाव्या शतकाच्या आरंभी बोएथियस या रोमन विद्वानाने ही सामग्री लॅटिनमध्ये आणली. पुढे नवव्या शतकाच्या सुमारास चर्चमधील गायनाच्या आठ प्रकारांना ही नावे लावताना तोनोसांचा खालून वर जाणारा क्रम हाच सप्तकभेदांचा क्रम समजला गेला. त्यामुळे हायपोडोरियन खालच्या पांढरी सहावर बसला, तिथून मोजत डोरियन पांढरी दोनवर आला आणि तिथेच राहिला. ग्लारेआनुस या स्विस संगीतशास्त्रज्ञाने 1547 मध्ये आयोनियन आणि एओलियन ही नावे या यादीत घातली. आज गिटारचे विद्यार्थी जी सात नावे पाठ करतात, त्यांतील बहुतेकांची जागा या लॅटिन परंपरेने ठरवलेली आहे.

आपल्या भाषेत सांगायचे, तर ‘पट्टी’चा (गाण्याच्या उंचीचा) क्रम हा ‘मूर्च्छने’चा (तेच स्वर ठेवून आरंभ बदलण्याचा) क्रम मानला गेला. मला वाटते, आपल्याला हवे असलेले शब्द हेच आहेत. तोनोससाठी ‘पट्टी’ हा गवयांच्या रोजच्या तोंडचा शब्द चपखल बसतो, कारण काळी एकमध्ये गायलेला यमन आणि काळी चारमध्ये गायलेला यमन यांत जे बदलते, तेच तोनोस बदलल्यावर बदलते. व्युत्पत्तीच्या दृष्टीने मात्र तोनोसचे नाते ‘तान’ या शब्दाशी आहे. दोन्ही शब्द ताणण्याच्या अर्थाच्या एकाच प्राचीन धातूपासून आले आहेत. अर्थात म्हणून भाषांतरात ‘तान’ लिहिता येणार नाही, कारण आपली तान ही वेगळीच गोष्ट आहे. एइदोससाठी ‘मूर्च्छना’ हा शब्द मी निःशंकपणे सुचवेन. नाट्यशास्त्रात षड्जग्रामाच्या सात मूर्च्छना षड्जापासून एकेक स्वर खाली उतरत सांगितल्या आहेत. स्वर तेच ठेवून आरंभ बदलल्याने अंतरांचा क्रम बदलतो, ही कल्पना दोन्हीकडे सारखी आहे. ‘थाट’ या शब्दात ही कल्पना नाही. थाट म्हणजे एकाच षड्जावर बसवलेली, रागांच्या वर्गीकरणासाठी केलेली मांडणी. ‘राग’ हा शब्द तर टाळावाच, आणि ‘जाती’ही टाळावा, कारण भरताच्या 18 जाती हा स्वतंत्र विषय आहे.

‘हार्मोनिया’ उरतो. याचा मूळ अर्थ सुताराचा सांधा असा आहे. ‘ओडिसी’च्या पाचव्या सर्गात ओडिसियस तराफा बांधताना फळ्या ज्याने एकमेकींत बसवतो, त्यासाठी हाच शब्द आला आहे. मराठीत आपण तंबोरा ‘जुळवतो’, म्हणून मी ‘जुळणी’ किंवा ‘स्वरजुळणी’ हा शब्द सुचवतो. त्यात सांधणे आणि तारा स्वरात आणणे हे दोन्ही अर्थ राहतात. ‘स्वरसंवाद’ येथे नको, कारण त्याने एकाच वेळी वाजणाऱ्या अनेक स्वरांचा आजचा अर्थ मनात येतो. प्लेटो विलापाच्या मिक्सोलिडियन आणि सिंटोनोलिडियन जुळण्या काढून टाकतो, मद्यपानाच्या बैठकींत शोभणाऱ्या सैल आयोनियन-लिडियन जुळण्याही नाकारतो, आणि शूराची डोरियन व शांत, समंजस माणसाची फ्रिजियन एवढ्या दोनच ठेवतो. त्या वाक्यात डोरियनच्या पुढे ‘काफी’ लिहिले, तर वाचकाच्या कानात होळीचे पद वाजू लागेल आणि प्लेटोचे म्हणणे त्याच्यापर्यंत पोचणार नाही.

पुढील प्रश्न : मग डोरियनपुढे ‘भैरवीची मूर्च्छना’ असे लिहावे का?

उत्तर : तेही जपून. पहिली अडचण अशी की, तंबोऱ्यावर वाढलेला आपला कान सप्तकाच्या तळाच्या स्वराला आपोआप षड्ज मानतो. ग्रीक मांडणीत मध्यवर्ती स्वर ‘मेसे’ हा होता. अरिस्टॉटलच्या नावावर असलेल्या ‘प्रॉब्लेम्स’ या संग्रहात म्हटले आहे की, सर्व चांगल्या चालींत मेसे वारंवार येतो. डोरियनमध्ये मेसेची जागा तळापासून चौथी, म्हणजे आपल्या मध्यमाची आहे. ‘मेसे’ म्हणजे मधली (तार), आणि हा शब्द व आपला ‘मध्य’ हे सख्खे भाऊबंद आहेत. एकाने दुसऱ्याकडून घेतले असे नव्हे, तर शब्दाचे मूळ एक आहे.

दुसरी अडचण अशी की, भैरवीशी साम्य फक्त ‘डायटॉनिक’ मांडणीत आहे. ग्रीक विवेचनाचा पाया चार तारांचा गट, म्हणजे चतुःस्वर हा आहे. त्याच्या दोन टोकांचे स्वर स्थिर असतात, त्यांच्यातील अंतर षड्ज-मध्यमाइतके असते आणि मधले दोन स्वर सरकतात. ते कसे सरकतात यावरून तीन ‘गेनोस’ होतात. गेनोससाठी ‘कुळ’ हा शब्द बरा. डायटॉनिक कुळात खालून अर्धा, पूर्ण, पूर्ण स्वर अशी अंतरे असतात, क्रोमॅटिकमध्ये अर्धा, अर्धा, दीड, आणि एनहार्मोनिकमध्ये पाव, पाव, दोन. प्राचीन ग्रीक संगीतशास्त्रज्ञ अरिस्टोक्सेनस सांगतो की, या शेवटच्या कुळाची सवय कानाला सर्वांत उशिरा आणि फार कष्टाने होते. ज्या जुळणीत तळाच्या स्वरानंतर पाव-पाव स्वराने दोन पावले टाकून एकदम शुद्ध गंधाराएवढी उडी आहे, तिला भैरवी म्हणणे कठीण आहे. म्हणून टिपणात ‘डोरियन जुळणी’ एवढेच लिहावे, आणि मूर्च्छनेचा उल्लेख तळटीपेत ‘डायटॉनिक कुळात’ अशी मर्यादा घालून करावा.

आणखी एका शब्दाबद्दल सावध करतो. चतुःस्वराच्या तळाच्या तारेचे नाव ‘हुपाते’ असे आहे आणि त्याचा शब्दशः अर्थ ‘सर्वांत वरची’ असा होतो. भाषांतरात ‘उच्चतम स्वर’ लिहिले, तर तेथेही सगळे उलटे होईल, कारण हे नाव लायर (ग्रीकांचे तंतुवाद्य) हातात धरल्यावर ती तार जिथे असते त्यावरून पडले आहे, स्वराच्या उंचीवरून नव्हे. तिला धरून तिसरी तार ‘लिखानोस’. लिखानोस म्हणजे तर्जनी, आणि मराठीत तिला ‘तर्जनीची तार’ असेच म्हणता येईल.