सीझर ३ ची बाजारवाली: डिझाइनची चूक की खेळाचा जीव?

पऱ्हाटी_आर्वी
१९९८ चा सीझर ३, म्हणजे रोमन शहर वसवायचा संगणकावरचा खेळ, पुन्हा काढलाय आणि पुन्हा तिथंच अडकलोय. कोठार गच्च, बाजारात गहू, तरी गल्लीच्या टोकाची घरं उपाशी. कारण घरोघरी माल पोचवणारी बाजारवाली चौकात आली की मनाला येईल तिकडं वळते. काल सलग तीनदा संगमरवराच्या खदानीकडं गेली, जिथं एक घर नाही! इकडं अन्नाविना घरं एकेक पायरी उतरली: इन्सुलाचा कासा झाला, कासाचं झोपडं. घर उतरलं की माणसं गाव सोडतात, मग कामाला हात कमी, मग शेतंही मागं. आखणी माझी, फासा तिच्या हातात. ही सरळ चूक आहे.

रात्रीची_लाइन
भाऊ, तुमी चौक करता कायले? एकच गोल रस्ता करा, घरं दोन्ही अंगाले. मंग ते बाई जाईन कुठी?

पऱ्हाटी_आर्वी
म्हणजे घाण्याचा बैल. प्रत्येक शहर तेच. मग डोकं कशाला लावायचं?

टेकडीवरची
मला तर हीच गोष्ट आवडते. १९८९ च्या सिमसिटी या शहर वसवायच्या खेळात पोलिस ठाणं बांधलं की भोवती आपोआप शांतता पसरते. पाण्याची भानगडच नाही, ती १९९३ च्या सिमसिटी २००० मध्ये आली. सीझरमध्ये बहुतेक सोयी माणूस दारावरून गेला तरच पोचतात. आमच्या वरच्या वस्तीत भाजीचा टेम्पो येत नाही. चढ आहे, वळायला जागा नाही. आई खालून दोन किलो बटाटे आणि मेथीच्या जुड्या घेऊन दर बुधवारी चढते. बाजार असणं आणि बाजार पोचणं वेगळं, हे मला या खेळात पहिल्यांदा दिसलं.

पऱ्हाटी_आर्वी
ताई, टेम्पोवाल्याला चढ हे कारण आहे. बाजारवालीला काय कारण? नुसता फासा. चढ दाखवा, मी रस्ता बदलतो.

रात्रीची_लाइन
हे मातर पटलं. पुढच्याच वर्षी त्याच कंपनीच्या फॅरो खेळात रोडब्लॉक, म्हंजे भटक्यायले अडवनारा अडसर, आला, म्हंजे बनवनाऱ्यायलेबी हे खुपलं असन. सीझरात वेशीचं फाटक वापरा. बाजारवालीसारखी भटकी मानसं तथूनच परततात, मालाचा गाडीवाला मातर पार होते. मी खदानीच्या रस्त्यावर ठोकलं, बाजारवाली सुदरली. पन खदान बंद! पाह्यलं तं खदानीचा मजूर शोधनारा बी भटक्याच. तोही फाटकाहून माघारी.

पऱ्हाटी_आर्वी
मग?

रात्रीची_लाइन
फाटकाच्या तिकडल्या अंगाले दोन तंबू, म्हंजे सगळ्यात खालच्या पायरीची घरं, टाकले. त्याले दिसले, झाला मजूर पुरवठा. एक विहीर देली, एक प्रीफेक्ट, म्हंजे आग विझवनारा, ठेवला, नाई तं तंबू जयतात. बाजार नाई देला. तंबूले अन्न लागतच नाई.

टेकडीवरची
म्हणजे आमची वरची वस्तीच की ही.

रात्रीची_लाइन
तुमी बी ना ताई. विहीर तं देली ना मी.