ली व्हॅन क्लीफला इटलीने तारलं की साच्यात अडकवलं?

साखरझोप
अमेरिकेत काम मिळेनासं झालेला नट इटलीला गेला म्हणजे संपला, असं सिनेमावाली मंडळी सर्रास बोलतात. काऊबॉयपटांतला अमेरिकन खलनट ली व्हॅन क्लीफच्या बाबतीत मला हे साफ अमान्य आहे. तिकडे जायच्या आधी होतं काय त्याच्याकडे? १९५२च्या 'हाय नून'साठी निर्माता स्टॅन्ली क्रेमरने मोठी भूमिका देऊ केली, पण नाक नीट करून घ्यायच्या अटीवर. गड्याने नकार दिला आणि वाट्याला आला मुका गुंड. पडद्यावर सगळ्यात आधी तोच दिसतो, पण अख्ख्या चित्रपटात त्याला एक वाक्य नाही! पुढची कितीतरी वर्षं टोळीतला तिसरा-चौथा माणूस म्हणून गोळ्या खाण्यात गेली. त्यात मोटार अपघातात गुडघ्याची वाट लागली, कामं आटली, तो चित्रं रंगवायला लागला. मग १९६५ साली इटालियन दिग्दर्शक सर्जिओ लिओनेने चाळिशीच्या या माणसाला 'फॉर अ फ्यू डॉलर्स मोअर'मधला कर्नल मॉर्टिमर केलं. बायबलच्या आडून दिसणारा तो चेहरा आठवा. गाडी टुकुमकारीला थांबत नाही म्हणतात, तर हा साखळी ओढून थांबवतो आणि निवांत उतरतो. हॉलिवूडला सुचलं होतं का असं काही?

कडूजहर
नव्हतं सुचलं, कबूल. पण लिओनेच्या दोन चित्रपटांवर (हा आणि 'द गुड, द बॅड अँड द अग्ली') सगळी कारकीर्द तोलू नका. पुढे काय? 'डेथ राइड्स अ हॉर्स', 'डे ऑफ अँगर', 'सबाटा', 'रिटर्न ऑफ सबाटा'. तेच बारीक डोळे, तोच थंडपणा, आणि बऱ्याचदा शेजारी एक तरणा पोरगा. हॉलिवूडचा साचा गेला, इटलीचा आला, एवढंच. शिवाय तिथे सगळं नंतर डब व्हायचं, सेटवर जो तो आपापल्या भाषेत बोलायचा. रोमच्या थिएटरातल्या प्रेक्षकाने त्याचा खरा आवाज ऐकलाच नाही. नटाचा आवाजच काढून घेतला तर उरला फक्त चेहरा.

मधलीसुट्टी
अहो, लिओनेच्या दोन्ही चित्रपटांच्या इंग्रजी आवृत्तीत आवाज त्याचाच आहे. आणि 'फक्त चेहरा' म्हणजे काय हो? 'द गुड, द बॅड अँड द अग्ली'चा शेवटचा तिघांचा सामना बघा. स्पेनमध्ये बुर्गोस प्रांतात सैनिकांच्या मदतीने उभारलेलं ते गोल कबरस्तान, आणि कॅमेरा थेट त्याच्या उजव्या हातावर. मधल्या बोटाचं टोक खरोखरच नाहीये! नाक बदलायला सांगणाऱ्यांनी त्या हातावर मोजा चढवला असता.

साखरझोप
मोज्याला +१ 😀
कडूजहर, तुमच्या यादीतून 'द बिग गनडाउन' बरा गळला! सर्जिओ सोलिमाचा, १९६६चा. त्यात हा राजकारणात उतरू पाहणारा कॉर्बेट आहे. टोमास मिलियानने केलेल्या गरीब मेक्सिकन कुचियोला गुन्हेगार समजून तो हात धुऊन मागे लागतो, आणि हळूहळू त्याला कळतं की आपल्याला पाठवणारे बडे लोकच लबाड आहेत. ही शंका त्याच्या चेहऱ्यावर वाढत जाते. हा कुठला साचा?

कडूजहर
तो राहिलाय बघायचा. तरी माझा प्रश्न उरतोच. लिओनेच्या त्याच दोन चित्रपटांनंतर त्यांतला नायक क्लिंट ईस्टवूड अमेरिकेत परत गेला, दिग्दर्शक झाला. याला काय मिळालं? १९८१च्या 'एस्केप फ्रॉम न्यूयॉर्क'मधला पोलीसप्रमुख, आणि १९८४ साली टीव्हीवर निंजा गुरू, तीही मालिका एका हंगामात गुंडाळली. इटलीतली काऊबॉयपटांची लाट ओसरली आणि हा पुन्हा दुय्यम कामांवर.

पावशेर
ईस्टवूडशी तुलना कशाला? तो पाच वर्षांनी लहान, आणि चेहरा नायकाचा. व्हॅन क्लीफची तुलना करायची तर 'हाय नून'मधल्या इतर गुंडांशी करा. त्यांतल्या किती जणांच्या नावावर पुढे पोस्टर लागली? फोनचं बिल भरायची ऐपत नव्हती तेव्हा लिओने आला, हे तो स्वतःच सांगायचा. थडग्यावर 'बेस्ट ऑफ द बॅड' कोरलंय, म्हणजे घरच्यांनाही त्या साच्याची लाज नव्हती.
बाकी साचा मोडला की नाही हे 'बिग गनडाउन' पाहूनच ठरवा, पण मूळ इटालियन लांबीचा शोधा. अमेरिकेत तो बराच कापून दाखवला होता.