पावसाळ्यात उघड्यावर सेसना: दोर, पाणी, खार

खाडीकाठ: किनाऱ्यावरच्या छोट्या धावपट्टीवर हँगर (विमानाची शेड) नाही. माझं छोटं विमान, सेसना 172, जून ते सप्टेंबर उघड्यावर राहणार. इंधनाच्या टाक्या भरून ठेवायच्या की रिकाम्या? आणि बांधायचं कसं?

निळंइंधन: भरूनच. अर्ध्या टाकीत वर दमट हवा राहते, गार झाली की आतून घाम सुटतो. पण खरं पाणी शिरतं ते झाकणाच्या चिरलेल्या रबरी वायसरातून. तो मे महिन्यातच बदला. उड्डाणाआधी प्रत्येक ड्रेनमधून (तळाची निचऱ्याची तोटी) पारदर्शक भांड्यात नमुना घ्या. 100 एलएल (छोट्या विमानांचं पेट्रोल) निळसर असतं, पाणी तळाशी बिनरंगी थेंबासारखं थरथरतं. फसगत कुठे होते? भांडंभर पाणीच आलं तर थरच दिसत नाही, सगळं छान स्वच्छ वाटतं! निळा रंग नसेल तर वास घेऊन बघा.

नैऋत्यवारा: नाक नैऋत्येकडे, कंट्रोल लॉक (पंख-शेपटीचे हलते भाग वाऱ्यात आपटू नयेत म्हणूनची खीळ) लावलेला. दोन्ही पंख आणि शेपटी, तीन दोर. मनिला दोर नको, भिजला की आखडतो आणि पंखाची कडी ओढतो. नायलॉन घ्या, बोटभर ढील ठेवा. जास्त ढील दिली तर झोतागणिक हिसके बसतात.

खारटहवा: खार गोड्या पाण्याने धुवा, पण प्रेशरची धार चाकांच्या बेअरिंगवर नको. धुण्याआधी स्टॅटिक पोर्टवर (बाहेरच्या हवेचा दाब घेणारं बारीक भोक) लाल टेप लावा, धुऊन झाल्यावर आठवणीने काढा. पिटो नळीला (समोरून येणाऱ्या हवेच्या दाबावरून वेग कळवणारी नळी) कव्हर हवंच, नाहीतर कुंभारमाशी आत मातीचं घर करते. मग धावपट्टीवर विमान पळतं आणि वेगाचा काटा शून्यावरच.

खाडीकाठ: वायसर आणि पिटोचं कव्हर आजच मागवतो.