जॉन कझाल: नुसतं नशीब नव्हे

पाचच चित्रपट केले आणि पाचही सर्वोत्कृष्ट चित्रपटाच्या ऑस्कर नामांकनात गेले, हे अमेरिकी नट कझालचं नशीब, असं म्हणणं मला पटत नाही. बँक दरोड्याच्या खऱ्या घटनेवर बेतलेल्या 'डॉग डे आफ्टरनून'मधला (१९७५) सॅल आठवा. त्या घटनेतला खरा दरोडेखोर १८ वर्षांचा पोरगा, कझाल चाळिशीला टेकलेला; तरी ती भेदरलेली नजर कुठेही खोटी वाटत नाही. कुठल्या देशात पळायचं, असं दरोड्यातला साथीदार झालेला अल पचिनो विचारतो तेव्हा हा गंभीरपणे 'वायोमिंग' म्हणतो, म्हणजे अमेरिकेतलंच राज्य. ते उत्तर कझालला ऐन वेळी सुचलेलं! 'द गॉडफादर'मधल्या त्याच्या फ्रेडो कॉर्लिओनीबद्दल तर काय बोलावं. अशा नटाला अभिनयाचं एकही ऑस्कर नामांकन नाही, याचा मला अजून राग येतो. १९७८ मध्ये फुप्फुसाच्या कर्करोगाने तो गेला, वय अवघं ४२. त्याचा शेवटचा चित्रपट 'द डिअर हंटर' त्यानंतर प्रदर्शित झाला.