लग्नाच्या कॅसेटमधलं माळवद

मातीचा_टीव्ही, उमरगा:
माझे मामा १९८८ पासून लग्नाचं शूटिंग करायचे. परवा त्यांच्या पेटीत चाळीसेक व्हीएचएस निघाल्या, त्यातल्या नऊ किल्लारीच्या आसपासच्या गावांतल्या, १९९३ च्या भूकंपाआधीच्या. एकीत नवरदेव घोड्यावरून उतरताना कॅमेरा चुकून वर जातो: माळवदावर, म्हणजे घराच्या सपाट मातीच्या छपरावर, दाटीनं बसलेल्या बाया, कडेला बाजेवर वाळत घातलेल्या कुरडया. चारच सेकंद. लगेच बदामात नवरी, वर सिनेमाचं गाणं. नवरा-नवरी, आहेर, पंगत काढून फक्त मागची घरं ठेवायची, अशी दहा मिनिटांची फिल्म करायचीय. पण क्रॉप केलं की चित्राची लापशी होते. शिवाय तीन कॅसेटींवर पांढरी बुरशी आहे. मामा म्हणतात, "घाल की व्हीसीआरमध्ये, चालतंय."

हेडक्लीनर:
मामांचं ऐकू नका! बुरशी व्हीसीआरच्या हेडला (टेप वाचणाऱ्या भागाला) लागते आणि तिथून पुढच्या कॅसेटला. त्या तीन वेगळ्या, कोरड्या जागी ठेवा.
व्हीएचएसच्या चित्रात बारकावा जेमतेम २४० रेषांचा. क्रॉप करून उरणार काय? त्यापेक्षा वेळ ताणा. आपल्याकडच्या पाल (PAL) पद्धतीच्या टेपमध्ये सेकंदाला २५ फ्रेम, म्हणजे ५० फील्ड; फील्ड म्हणजे एकाआड एक रेषांची अर्धी फ्रेम. कॅप्चर करताना डीइंटरलेस करू नका, म्हणजे दोन फील्ड मिसळून एक फ्रेम होऊ देऊ नका. नंतर प्रत्येक फील्डची वेगळी फ्रेम करा. त्या सेकंदाला २५ च्याच वेगानं चालवल्या की चार सेकंदांचे आठ होतात, खोटी फ्रेम न घालता.

कोर्टाबाहेर:
जोसेफ कॉर्नेल या अमेरिकन कलाकारानं १९३६ मध्ये जुन्या हॉलिवूडपटातली कथा काढून एका नटीचे शॉट ठेवले होते. तुम्ही नटीच काढताय, बरंय.
पण मालकी बघा. कॉपीराइट कायद्याच्या कलम १७ प्रमाणे पैसे देऊन करून घेतलेल्या फिल्मचा पहिला मालक करून घेणारा, वेगळा करार नसेल तर. म्हणजे मामा नव्हे, लग्नघर. त्यांना विचारा. गाणं त्यांचंही नाही, ते काढाच.

मातीचा_टीव्ही:
मामांना कायदा सांगितला. म्हणाले, "मालक कसले? निम्मे पैसे अजून यायचेत."
फील्डची युक्ती जमली. मामा शेजारी बसून बघतात, नवरीकडं लक्षच नाही. "हे आडाजवळचं घर. ह्यांनी त्याच साली माळवदावर नवी माती टाकली होती, हातभर. तीच अंगावर आली." पुढचं घर, त्याच्या पुढचं. मी मोबाइलवर रेकॉर्ड करतोय. गाण्याच्या जागी हेच लावणार.